बी न उगवण्याला कारण असते. मग अणूचे काय?



पंचवटीत दिंडोरी रस्त्यावरच्या बाजार समितीत लिलाव आटोपल्यावर एका शेतकऱ्याने मला विचारले, "साहेब, कांद्याचे बी एकाच पिशवीतले, वाफा एक, पाणी एक. मग शंभरातले साठच का उगवले? नशीबच ना?"

नोकरीच्या सुरुवातीला असाच प्रश्न आला, तेव्हा मी "नशीब" म्हणून मोकळा झालो होतो. ते बी जुने होते. कांद्याचे बी साध्या साठवणीत वर्षभरातच उगवणशक्ती गमावू लागते. मी ते तपासले नाही. त्या घराने पुन्हा तेच बी टाकले आणि हंगाम हातचा गेला. तेव्हापासून हा शब्द मी जपून वापरतो.

बी उगवत नाही त्याला कारण असते. अंकुर मेलेला असतो, ओल कमी पडते, नाही तर बुरशी लागते. आपल्याला ते वरून दिसत नाही, एवढेच. अशा आत दडलेल्या कारणांना शास्त्रज्ञ 'छुपे चल' म्हणतात.

आता आपल्याच जिल्ह्यातल्या लासलगावला चला. कांद्याला मोड येऊ नयेत म्हणून भाभा अणुसंशोधन केंद्राने तेथे २००२ मध्ये 'कृषक' हे विकिरण केंद्र उभारले. २००७ मध्ये अमेरिकेला गेलेल्या आंब्यांवरही तेथेच प्रक्रिया झाली. तेथे किरण देतो तो कोबाल्ट-६०. त्याचे निम्मे अणू सुमारे सव्वापाच वर्षांत फुटतात, हे पक्के. पण कोणता अणू आज फुटेल आणि कोणता वीस वर्षांनी, हे क्वांटम शास्त्र सांगत नाही. त्याच्या मते हे अणू अगदी एकसारखे; त्यांत जून-कोवळा असा भेदही नाही.

आइनस्टाइन यांना हे पटेना. १९३५ मध्ये दोन सहकाऱ्यांसह त्यांनी मांडले की, क्वांटम शास्त्राचे वर्णन अपुरे आहे. म्हणजे आत काही तरी दडलेले असणार, बियातल्या अंकुरासारखे. हा वाद १९६४ पर्यंत तोंडीच राहिला. त्या वर्षी जॉन बेल यांनी तो मोजून सोडवण्याची रीत दिली. ती आपल्या भाषेत पाहू.

दोन जुळे भाऊ समजा. एक पंचवटीला गेला, दुसरा लासलगावला. निरोपाची सोय नाही. दोन्हीकडचे कारकून तीन ठरावीक प्रश्नांपैकी मनाला येईल तो एक विचारतात. उत्तर फक्त 'हो' किंवा 'नाही'. असे शेकडो वेळा केले. दोघांना एकच प्रश्न आला की उत्तर दर वेळी तेच! आपण म्हणू, तिन्ही उत्तरे हे घरूनच ठरवून निघतात.

तसे असेल तर हिशेब करा. उत्तरे तीन आणि पर्याय दोनच. म्हणून निदान दोन उत्तरे सारखी असणारच. 'हो, हो, नाही' असे ठरले, तर प्रश्नांच्या तीन जोड्यांपैकी एक जुळते. तिन्ही 'हो' असतील, तर तिन्ही जुळतात. म्हणजे भावांना वेगवेगळे प्रश्न आले तरी शेकडा ३३ वेळा तरी उत्तरे जुळलीच पाहिजेत.

प्रकाशकणांच्या जोड्या अशाच जुळ्या असतात आणि अणू ज्या क्वांटम नियमांनी चालतो त्याच नियमांनी चालतात. येथे प्रश्न म्हणजे तपासणीच्या काचेचे तीन कोन : ०, ६० आणि १२० अंश. क्वांटमचे गणित सांगते की, कोन एकच असेल तर उत्तरे नेहमी जुळतील. वेगळे असतील तर शेकडा २५ वेळाच. घरून ठरवून आलेले भाऊ २५ वर उतरूच शकत नाहीत!

१९७२ मध्ये अमेरिकेत क्लाउझर आणि फ्रीडमन यांनी, १९८२ मध्ये फ्रान्समध्ये आस्पे यांनी आणि पुढे त्साइलिंगर यांनी प्रयोग केले. २०१५ मध्ये डेल्फ्ट येथे १.३ किलोमीटर अंतरावर यंत्रे ठेवून पळवाटाही बुजवल्या. मांडणी निरनिराळी, पण कौल क्वांटमच्याच बाजूने. क्लाउझर, आस्पे आणि त्साइलिंगर यांना २०२२ चे नोबेल मिळाले.

तरी एक वाट उरते. १९५२ मध्ये डेव्हिड बोम यांनी छुपे चल मानणारी मांडणी केली होती. मात्र तिच्यात पंचवटीत काय विचारले, याचा परिणाम लासलगावच्या उत्तरावर तत्क्षणी होतो, असे मानावे लागते. आणि त्यातून निरोप तर पाठवता येत नाही. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत वीरेंद्र सिंह आणि एस. एम. रॉय यांनीही या प्रश्नांवर काम केले आहे.

तेव्हा बंधूंनो, कण आपले उत्तर गाठीला बांधून निघतो, ही साधी समजूत मोजमापापुढे टिकली नाही. पण हा न्याय अणूचा. बियाण्याच्या पिशवीला तो लावू नका. पेरणीपूर्वी शंभर बिया ओल्या कापडावर ठेवा, ओल टिकवा आणि बारा दिवसांत किती उगवल्या ते मोजा. कांद्याला किमान शेकडा ७० उगवण हवी. पिशवी, खूणचिठ्ठी आणि पावती जपून ठेवा. उगवण कमी भरली तर तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार करा.

बाजार समितीतल्या त्या शेतकऱ्यालाही मी हेच सांगितले, "दादा, साठ उगवले हे नशीब नव्हे. पिशवी आहे ना घरी? उद्या घेऊन या."