राजमाषाची मुरवलेली कोशिंबीर : एक पथ्यकल्पना

मधुमेही वा स्थूल रुग्णास ‘कडधान्ये खा’ असा सल्ला आपण सर्वच देतो. ती कशी सिद्ध करावीत हे मात्र क्वचितच सांगतो. हुपरीत चांदीचे पैंजण घडविणारे कारागीर मांडी घालून, पुढे वाकून तासन्‌तास काम करतात. अशा रुग्णांत या अपुऱ्या सल्ल्याचे फळ आध्मान व विबंध या रूपाने चिकित्सालयात परत येते आणि रुग्ण कडधान्यच सोडून देतो. म्हणून चवळीच्या एका कल्पनेचा येथे विचार करीत आहे.

चवळी म्हणजे राजमाष. वाग्भटांनी ती वातकर, रूक्ष, गुरु व बहुशकृत् सांगितली आहे. भावप्रकाशात ती मधुर-कषाय, तर्पण, सर, रुच्य, तसेच स्तन्य व बल देणारी म्हणून वर्णिली आहे. अर्थात बल्य व सर हे गुण राखावयाचे आणि रूक्षता व वातलत्व तेवढे संस्काराने कमी करावयाचे. चरकोक्त आठ आहारविधिविशेषायतनांपैकी करण व संयोग यांचे महत्त्व येथे विशेष जाणवते. आधुनिक दृष्टीने १०० ग्रॅम कोरड्या चवळीत सुमारे २४ ग्रॅम प्रथिने असतात. तिच्यातील रॅफिनोज व स्टॅकिओज या शर्करा लहान आतड्यात पचत नाहीत. मोठ्या आतड्यातील जंतू त्यांपासून वायू निर्माण करतात. त्यांचा बराच अंश पाण्यात उतरतो, म्हणून भिजवलेले पाणी टाकून देणे हाच पहिला संस्कार होय.

१०० ग्रॅम चवळी आठ तास भिजवावी, पाणी टाकून स्वच्छ धुवावी व नव्या पाण्यात शिजवावी. दाणा अखंड राहावा, परंतु बोटाने दाबताच चेपला जावा. शिजताना लिंबू वा चिंच घालू नये. आम्ल द्रव्याने दाणा टणक राहतो. पाणी निथळून चवळी गरम असतानाच तीवर दोन चमचे तेलात मोहरी, जिरे, हिंग व ठेचलेला लसूण यांची फोडणी ओतावी. आल्याचा कीस, सैंधव व एका लिंबाचा रस मिसळावा. निवत असताना दाणा हा द्रव आत ओढून घेतो. थंड चवळीवर तो नुसता बाहेरून लागतो. तासभर मुरू द्यावी. कांदा, कोथिंबीर, हवी तर काकडी वाढताना घालावी, कारण काकडीला लगेच पाणी सुटते.

अशीच कृती परदेशातही आढळते. अमेरिकेत हेलन कॉर्बिट या पाकतज्ज्ञ स्त्रीने १९४०च्या सुमारास तेल, व्हिनेगर, कांदा व लसूण यांत मुरवलेली चवळी प्रचारात आणली. ती पुढे ‘टेक्सास कॅव्हियार’ या नावाने रूढ झाली. व्हिनेगर हे आपल्या शुक्तवर्गाच्या जवळचे द्रव्य. शुक्त वातानुलोमन आहे, त्यामुळे हा संयोग आपल्या शास्त्रालाही अपरिचित नाही. मात्र तेच रक्तपित्त व कफ यांचा उत्क्लेश करते. म्हणून पित्तप्रकृतीस व्हिनेगर देऊ नये. लिंबूही सोसत नसल्यास गोड डाळिंबाचे दाणे वापरावेत. तिकडे ही चवळी शीतकपाटात रात्रभर मुरवतात. मंदाग्नीच्या रुग्णास असे शीत व पर्युषित अन्न मी सांगत नाही. उन्हाळ्यात तर शिजवलेली चवळी दोन तासांहून अधिक बाहेर ठेवूच नये. दही घालण्याची पद्धत रुचकर खरी, परंतु गुरु राजमाषात गुरु व अभिष्यंदी दही मिसळून काय साधते, हे मला कळलेले नाही.

मात्रा प्रारंभी चार चमचे, सोसल्यास लहान वाटीभर. दुपारच्या भोजनात, रात्री नाही. ग्रहणीदोष व तीव्र वातव्याधीत ती वर्ज्य करावी. वृक्कविकारात चवळीतील पोटॅशियमचा विचार करूनच निर्णय घ्यावा. मधुमेही रुग्णाने ती भाकरी वा भाताच्या काही भागाऐवजी घ्यावी, वर भर म्हणून नव्हे. चालू औषधे तिच्या भरवशावर बंद करू नयेत.

औषधालयचालकांसाठी एक सूचना. बाजारातील बांधानी हिंगात डिंक व गव्हाचे वा तांदळाचे पीठ असते. ‘चिमूटभर हिंग’ म्हणून रुग्णाच्या पोटात हिंग किती जाते, हे त्यामुळे प्रत्येक डबीगणिक बदलते. गहू वर्ज्य असलेल्या रुग्णास डबीवरील घटक वाचूनच हिंग द्यावे. ज्यांना फोडणीनंतरही वायू होतो त्यांना हिंग्वाष्टक चूर्ण पहिल्या घासाबरोबर तुपातून घेण्यास सांगावे. पुष्कळ रुग्ण ते जेवणानंतर पाण्याबरोबर घेतात.