मारणारे स्मरणात, मेलेले विस्मरणात

गेल्या सत्रात मागणीचा सिद्धान्त शिकवीत असताना, गुन्ह्यांच्या सत्यकथांना एवढे गिऱ्हाईक का मिळते, असे मी वर्गात सहज विचारले. जोशी-अभ्यंकर हत्याकांडातील जक्कलचे नाव निम्म्या वर्गाला ठाऊक होते. तो फासावर गेला त्यानंतर वीसेक वर्षांनी जन्मलेली ही मुले! काशिनाथशास्त्री अभ्यंकर कोण होते, हे मात्र एकालाही सांगता आले नाही.

वास्तविक, दोष मुलांना देता येणार नाही. १९७६-७७ मध्ये पुण्यात दहा जणांचे बळी घेणाऱ्या चौघांना २७ नोव्हेंबर १९८३ रोजी येरवड्यात फाशी झाली. त्यांपैकी मुनव्वर शाहचे तुरुंगात लिहिलेले आत्मकथन प्रसिद्ध झाले. १९८६ मध्ये राजदत्त यांचा ‘माफीचा साक्षीदार’ आला आणि त्यातील नाना पाटेकर अनेकांच्या लक्षात राहिले. शास्त्रीबुवांचा संस्कृत व्याकरणाच्या संज्ञांचा इंग्रजी कोश १९६१ मध्ये बडोद्याहून निघाला होता. व्याकरणाच्या अभ्यासकाला तो आजही हाताशी लागतो. शहराच्या लेखी मात्र ते भांडारकर रस्त्यावरच्या पाच खुनांपैकी एक, एवढेच उरले.

त्या रस्त्यापासून पायी जाण्याच्या अंतरावर फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तेथे शिकलेले उमेश विनायक कुलकर्णी ‘वळू’ (२००८), ‘विहीर’ आणि सुवर्णकमळ मिळविणारा ‘देऊळ’ (२०११) या चित्रपटांमुळे आपल्या परिचयाचे आहेत. २०२२ मध्ये ते गुन्ह्याच्या सत्यकथेकडे वळले आणि ‘इंडियन प्रिडेटर’ मालिकेत ‘मर्डर इन अ कोर्टरूम’ हा तीन भागांचा माहितीपट त्यांनी केला. विषय नागपूरचा. कस्तुरबानगर वस्तीला वर्षानुवर्षे छळणाऱ्या अक्कू यादवला १३ ऑगस्ट २००४ रोजी जमावाने भर न्यायालयात ठार केले. त्यात वस्तीतील स्त्रिया पुढे होत्या. पुढे २०१४ मध्ये आरोपी पुराव्याअभावी सुटले.

मालिकेचे नाव शिकारी श्वापदाचे आहे. ते विकले जाते म्हणून ठेवले असणार. पण या माहितीपटात वस्तीतील बायका बोलतात, आणि ते बोलणे ऐकत असताना अक्कू हळूहळू लहान होत जातो. ‘वळू’मध्येही वळू पकडण्याच्या मोहिमेवर माहितीपट काढू पाहणारा एक तरुण आहे. त्याच्या कॅमेऱ्यात वळूपेक्षा गावच अधिक सापडते! दिग्दर्शकाची ही जुनी खोड येथे उपयोगी पडली, असे म्हणावयास हरकत नाही. झुंडीने केलेल्या न्यायाचे मी समर्थन करीत नाही. परंतु पोलीस आणि न्यायालये यांच्यावरचा विश्वास उडाला की माणसे कोठवर जातात, हे त्या बायकांच्या तोंडूनच ऐकले पाहिजे.

अर्थशास्त्राचा माणूस येथे एक गद्य प्रश्न विचारणारच. या धंद्यातील कच्चा माल म्हणजे दुसऱ्याचे दुःख, आणि तो बहुधा फुकट मिळतो. अमेरिकेत एरॉल मॉरिस हे माहितीपटकार आहेत. खुनाच्या खटल्यांवर त्यांनी चित्रपट काढले, ग्रंथही लिहिला. त्यांच्या १९८८ च्या ‘द थिन ब्लू लाइन’मुळे रँडल ॲडम्स हा निरपराध कैदी दुसऱ्या वर्षी सुटला. याहून मोठे यश कोणते? तरीही त्याच्या आयुष्याची कथा कोणाच्या मालकीची, यावरून त्या दोघांत वाद पेटला आणि तो न्यायालयाबाहेर मिटवावा लागला. जेथे उपकारकर्ता आणि उपकृत यांच्यात ही गत, तेथे मृतांच्या नातलगांना कोण विचारणार?

पुण्यातील त्या हत्यासत्रावर आज ना उद्या कोणीतरी मोठा माहितीपट काढील. मागणी आहे, तेव्हा पुरवठा होईलच. काढणाऱ्याने आधी त्या घरांतील हयात माणसांची परवानगी घ्यावी, करारात त्यांचा वाटा लिहावा. तो त्यांनी घ्यावा की नाकारावा, हे त्यांचे ते ठरवतील. आणि चित्रण कोठून सुरू करावे असा प्रश्न पडलाच, तर पेशवे पार्कच्या तळ्यापेक्षा शास्त्रीबुवांच्या कोशाचे पहिले पान बरे.