आवाज कुणाचा?

होसे लावात हा मेक्सिकोचा डबिंग कलावंत 2018 मध्ये गेला. लॅटिन अमेरिकेत 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधला गँडाल्फ त्याच्याच आवाजात बोलला. 2025 मध्ये तिथल्या निवडणूक संस्थेने मतदारांचे आभार मानायला यंत्राकरवी हाच आवाज वापरला, तोही घरच्यांना न विचारता. जुलैत कलावंत मेक्सिको सिटीत रस्त्यावर उतरले. बातमी झोंबली, कारण स्पॅनिश जगातली ऐंशीच्या दशकाची सगळी मारधाड अशाच आवाजांवर उभी होती.

आधीचा इतिहास भरभर उरकतो. चाळीसच्या दशकात एमजीएमने लॅटिन अमेरिकी नट न्यूयॉर्कला नेऊन चित्रपट डब केले. पुढे देशी सिनेमा वाचवायला मेक्सिकोने थिएटरातल्या डबिंगला लगाम घातला. टीव्ही त्यातून सुटला आणि धंदा तिथे फोफावला.

मग आली 'द ए-टीम' ही अमेरिकी मालिका, 1983 ते 1987. मेक्सिकोत 'लोस माग्निफिकोस', स्पेनमध्ये 'एल एकिपो आ'. मिस्टर टीचा दांडगा बी. ए. बराकस लॅटिन अमेरिकेत मारियो बराकस झाला, म्हणजे गल्लीतलाच कुणी. दर आठवड्याला तेच. टीममधल्या चौघांना गुंडांनी गोदामात कोंडायचं. तिथे नेमके वेल्डिंगचं सामान, पत्रे आणि एखादी खटारा गाडी. घटकाभरात चिलखती गाडी दार फोडून बाहेर. गोळ्यांचा पाऊस, जीपची हवेत कोलांटी, आणि आतले गुंड कपडे झटकत उठणार. सहसा कुणी मरत नसे, म्हणून पोरांसोबत आजीही बघे. स्पेनमध्ये तर 1990 पर्यंत खासगी वाहिन्या नव्हत्या. काल काय पाहिलं, हे शाळेत विचारावं लागत नसे.

विद्वानांनी नाकं मुरडली. 1971 मध्ये चिलीत डॉर्फमन आणि मातेलार या लेखकांनी डोनाल्ड डकमधला साम्राज्यवाद उघडा पाडला होता. तोच चष्मा पुढे अनेकांनी प्रत्येक अमेरिकी मालिकेला लावला. माल अमेरिकेचा होता, कबूल. पण लॅटिन अमेरिकेच्या घराघरांत बोलत होता तो मेक्सिकन नट, हे त्या चष्म्यातून कधी दिसलं नाही.

आमच्याकडे रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'स्टार ट्रेक' इंग्रजीतच लागायचं. इंग्रजी माध्यमातला शेजारचा मुलगा सांगेल तेवढंच आम्हाला कळायचं. पुढे डबिंग आलं ते हिंदीत. 'भाषा बिघडेल' म्हणणाऱ्यांनी मराठीसाठी तेवढंही मागितलं नाही.

लॅटिन अमेरिकेतली ती पोरं आज पन्नाशीत आहेत. स्फोट आता कुणालाही भारी करता येतात. जुने भाग ती पुन्हा लावतात ती मारियोचं गुरगुरणं ऐकायला, मूळ इंग्रजी आवाज त्यांना परका वाटतो. ही माया नटांनी आपल्या घशाने कमावलेली आहे. ती यंत्राला फुकट वापरू देणं ही सरळसरळ चोरी आहे. आवाज हवा असेल तर नटाला विचारा, तो नसेल तर वारसांना विचारा, आणि पैसे मोजा.