स्टेशनमास्तरांचे नाव काय?

‘जब वी मेट’ हा २००७ सालचा चित्रपट दूरचित्रवाणीवर लागला, की देवळीच्या आमच्या घरात एका प्रसंगाची सारे वाट पाहतात. रतलामच्या स्थानकावर गाडी चुकलेल्या नायिकेला स्टेशनमास्तर उपदेश पाजू लागतात, त्या प्रसंगाची. प्रसंग चार घटकांचा, पण हसून मुरकुंडी वळते. मागे एकदा मी भाच्याला विचारले, “हे गृहस्थ कोण, ठाऊक आहे का रे?”

“थो टेसनमास्तर होय ना, मामा!” भाचा म्हणाला.

मला हे उत्तर जरा टोचले. कारण हे गृहस्थ परके नव्हेत. देवळीहून दीड-दोन तासांच्या वाटेवरच्या नागपूरचे ते. नाव किशोर प्रधान.

नाटकाचे बाळकडू त्यांना आईकडून मिळाले. पुढे ते मुंबईस गेले, ग्लॅक्सो कंपनीत नोकरीला लागले आणि ती सांभाळून नाटके करीत राहिले. श्याम फडक्यांचे ‘काका किशाचा’ त्यांनी गाजवले. पत्नी शोभाताई याही अभिनेत्री. नोकरी सांभाळून, असे आपण सहज म्हणून जातो. पण दिवसभर कचेरी, संध्याकाळी तालीम आणि रात्री प्रयोग, ही ओढाताण ज्याची त्यालाच ठाऊक!

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले, आणि नंतर त्यावर ‘गजरा’ हा रंजनाचा कार्यक्रम येऊ लागला. विनायक चासकर त्याचे निर्माते. नावाप्रमाणेच त्यात निरनिराळी फुले ओवलेली असत. प्रहसने तर चुटक्याएवढी. तीन अंकी नाटकात नटाला रंगायला सवड असते. इथे आत पाऊल टाकताच हा कारकून, हा घरमालक, हे प्रेक्षकाला कळले पाहिजे. शिवाय हशा बहुधा दुसऱ्याच्या वाक्याला मिळायचा. तो हशा पिकावा म्हणून शेजारी उभे राहून चेहरा गंभीर ठेवणे, हे येरागबाळ्याचे काम नव्हे. प्रधानांना ते फार छान साधे. ‘गजऱ्या’ने त्यांना मुंबईच्या घराघरांत नेले.

मात्र त्या पहिल्या वर्षांत मुंबई केंद्राच्या लहरी आमच्या वर्धा जिल्ह्यात कुठल्या पोचायला! दादरच्या चाळीत ज्यांना पाहून पोरे हसत, त्यांना त्यांच्या विदर्भाने पाहिलेच नाही. ‘लगे रहो मुन्नाभाई’ आणि हा स्टेशनमास्तर आला, तोवर माणूस सत्तरीला टेकला होता. चेहरा देशभर झाला. नाव पडद्यामागेच राहिले. २०१९ च्या जानेवारीत प्रधान गेले.

हे सारे मी भाच्याला सांगितले. तो जरा वेळ गप्प बसला.

“मंग नागपूरचे होते, तं बोलणं आपल्यासारकं काहून नाही त्याइचं?”

“अरे, ते स्टेशनमास्तर रतलामचे!”

तेवढ्यात जाहिराती संपल्या.