चेहरा मागे ठेवणारा नट : दिलीप प्रभावळकर

खान्देशातल्या नरडाण्यात आमच्या घरी नायकांची नावं सगळ्यांना पाठ असत. नायकाच्या बापाचं, शेजाऱ्याचं किंवा खलनायकाचं काम करणाऱ्या नटाला मात्र आम्ही त्या पात्राच्या नावानंच ओळखायचो. चरित्र अभिनेत्याच्या वाट्याला हेच येतं. मराठीत या जातीच्या नटांमध्ये मी दिलीप प्रभावळकरांना सर्वांत वर मानतो.

चेटकीण आणि चिमणराव

जन्म ४ ऑगस्ट १९४४, मुंबई. शिक्षण विज्ञानाचं, काही काळ नोकरी औषध कंपनीत. रत्नाकर मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या' या बालनाट्यात त्यांनी चिंची चेटकीण केली. पुढचा सगळा माणूस त्या चेटकिणीत दिसतो : आधी आवाज शोधायचा, चाल शोधायची, मग पात्रात शिरायचं.

मुंबई दूरदर्शन १९७२ साली सुरू झालं. काही वर्षांनी चिं. वि. जोशींच्या कथांवरून तिथे 'चिमणराव गुंड्याभाऊ' मालिका झाली. प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. वाचकांनी चिमणराव आधीच मनात रंगवलेला होता, त्यामुळे हे काम अवघड होतं. तरी पुढे चिमणराव म्हटलं की लोकांना प्रभावळकरच दिसू लागले.

आमच्या गल्लीतले आबा

२००१ साली अल्फा मराठीवर 'श्रीयुत गंगाधर टिपरे' आली. केदार शिंदेंचं दिग्दर्शन, आधार प्रभावळकरांच्याच 'अनुदिनी' या लेखनाचा. मालिकेतले आजोबा, म्हणजे आबा टिपरे झाले तेव्हा ते साठीचेही नव्हते. मालिका शहरी मध्यमवर्गीय घरातली, आमच्या घरची बोली अहिराणी. पण खान्देशात गल्लीगल्लीत एक तरी आबा असतोच. नातवंडांत रमणारा, नवं काही शिकायला न लाजणारा तो म्हातारा आम्हाला परका वाटलाच नाही. प्रभावळकरांनी म्हातारपण कण्हण्या-खोकण्यात दाखवलं नाही. आबांच्या डोळ्यांतलं कुतूहल त्यांनी जपलं, म्हणून ते आबा खरे वाटले.

एकच नट, किती माणसं

१९९१च्या 'चौकट राजा'तला नंदू हा शरीरानं वाढलेला, बुद्धीनं लहान राहिलेला. अशी भूमिका जराशी चुकली तरी नक्कल होते. प्रभावळकरांनी नंदूवर कुणाला हसू दिलं नाही. मला त्यांचं हे काम सर्वांत मोठं वाटतं. दोनच वर्षांनी महेश कोठारेंच्या 'झपाटलेला'त ते बाहुल्यात जीव शिरलेला तात्या विंचू झाले, आणि पोरं बाहुल्यांना भ्यायला लागली. 'हसवाफसवी' या स्वतःच लिहिलेल्या नाटकात ते एकटे सहा भूमिका करत. प्रत्येकाचा आवाज वेगळा, अंग वेगळं.

२००६ साली राजकुमार हिरानींच्या 'लगे रहो मुन्नाभाई'त गांधीजी झाले. तो चित्रपट आणि 'शेवरी' मिळून त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

ऐंशीनंतर

२०२५ साली, एक्याऐंशीव्या वर्षी, 'दशावतार' चित्रपटात ते बाबुली मेस्त्री झाले. कोकणातला दशावतारी कलावंत, म्हणजे आयुष्यभर दुसऱ्याचं सोंग घेऊन उभा राहिलेला माणूस. या वेळी चित्रपटाच्या मधोमध प्रभावळकरच होते.