मुरडा नव्हे, पीळ

पोटदुखीच्या बाबतीत मराठी माणूस शब्दांची काटकसर करत नाही. कळ येते, मुरडा येतो, गुबारा धरतो, पोट तटतं, आणि फारच झालं की 'पोटात पीळ पडतो'. आदल्या रात्रीच्या मिसळीलाही आपण हा शेवटचा मान देतो. आतड्यांचे स्नायू जोरात आखडतात, सैल पडतात, पुन्हा आखडतात. दोनदा शौचाला जाऊन आलं की माणूस हुशार होतो. या सगळ्यात कुठलाही अवयव जागचा फिरलेला नसतो.

डॉक्टरांच्या कागदावर 'टॉर्शन' किंवा 'व्हॉल्व्हुलस' लिहिलेलं असतं तेव्हा मात्र काहीतरी खरोखरच फिरलेलं असतं. व्हॉल्व्हुलस हा शब्द जठर आणि आतडी यांच्यापुरता. वृषण, बीजांडकोश, गर्भाशय यांना टॉर्शन म्हणतात. दोन्हींचा अर्थ एकच: अवयव ज्या देठाला लोंबतो, त्या देठाभोवती तो गरकन फिरला. याच देठातून त्याच्या रक्तवाहिन्या जातात, आणि सगळी गोम तिथे आहे. रक्त बाहेर नेणाऱ्या शिरा पातळ, त्यांच्यातला दाबही कमी. पिळात त्या आधी मिटतात. रक्त आणणारी रोहिणी जाड भिंतीची, ती चालूच राहते. म्हणजे आवक सुरू आणि जावक बंद. अवयव सुजतो, जांभळा पडतो, मग त्या सुजेनेच रोहिणीही दबते. पुढची पायरी काळं पडण्याची. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही अशी म्हण आहे. इथे नेमकं उलटं होतं. पीळ सोडवता येतो, पण उशीर झाला तर सुंभ जळून गेलेला असतो.

'जेवून लगेच उड्या मारू नकोस, आतड्याला पीळ पडेल' हे ऐकलं नाही असा मराठी मुलगा विरळा. पोरांना दुपारी घडीभर गप्प बसवायला हे वाक्य उपयोगी असेल, पण शास्त्रात त्याला आधार नाही. पीळ पडायला उडीपेक्षा शरीराची ठेवण कारणीभूत असते, आणि ती बहुधा जन्मापासूनची असते. वृषणाचंच पाहा. ते सहसा मागच्या बाजूने आवरणाला धरलेलं असतं. काही मुलांत ही पकड नसते आणि वृषण घंटेतल्या लोळीसारखं मोकळं लटकतं. डॉक्टरही या ठेवणीला घंटेच्या लोळीचंच नाव देतात. अशा मुलाला क्रिकेटच्या मैदानावर काही होत नाही आणि पहाटे गाढ झोपेत पीळ पडतो, हे अगदी नेहमीचं. चेंडू लागल्याचं निमित्त कधी कधी होतं. ते फक्त निमित्त, आणि घातकसुद्धा, कारण मग घरचे 'मार लागलाय, उतरेल' म्हणत बर्फ लावत बसतात.

या विकारावर जरा थांबायला हवं, कारण इथे अज्ञानाइतकंच नुकसान लाज करते. बारा ते अठरा वर्षांचा मुलगा. अंडकोषाच्या एका बाजूला अचानक असह्य दुखू लागतं, मळमळतं, उलटी होते. कळ वर पोटात चढते, त्यामुळे आईला तो 'पोट दुखतंय' एवढंच सांगतो. आई ओवा देते. कुणी म्हणतं उन्हाळी लागली असेल, सब्जाचं पाणी द्या. सकाळ होते, दुपार होते. पहिल्या 6 तासांत पीळ सुटला तर वृषण वाचण्याची शक्यता नव्वद टक्क्यांच्या वर असते; 12 तासांनंतर ती निम्म्यावर येते आणि 24 तासांनंतर क्वचितच उरते. पंचविशीच्या आतल्या दर 4,000 पुरुषांमागे वर्षाला साधारण एकाला हे होतं. म्हणजे विरळा, पण मोठ्या शाळा-कॉलेजच्या गावात ऐकूच येऊ नये इतका विरळा नव्हे. मुलगा पोट दुखतंय म्हणाला तर 'खाली कुठे दुखतंय का' हे आईवडिलांनी स्पष्ट विचारावं, आणि तपासणाऱ्या डॉक्टरने चड्डी उतरवून बघावं. दोन्ही गोष्टी राहून जातात.

शस्त्रक्रियेत वृषण उलटं फिरवून सोडवतात, मग कोमट सलाइनमध्ये भिजवलेल्या गॉजमध्ये गुंडाळून ठेवतात आणि घड्याळ बघत थांबतात. काळसर निळा रंग हळूहळू गुलाबीकडे वळला तर ते टाके घालून जागी पक्कं करतात. रंग पालटलाच नाही तर काढून टाकावं लागतं. दोन्ही वेळा पलीकडचं, अगदी धडधाकट वृषणही टाके घालून पक्कं करतात, कारण मोकळी ठेवण बहुधा दोन्हीकडे असते. नातेवाईक इथे हमखास गडबडतात: 'दुखत होतं डावं, मग उजव्याला का हात लावला?' त्याचं उत्तर हे. आणि एक वृषण गेलं म्हणजे पुरुषत्व गेलं, मूल होणार नाही, ही भीती बहुतांशी निराधार आहे. दुसरं चांगलं असेल तर ते एकटं दोन्ही कामं निभावतं.

'दुखायचं थांबलं, म्हणजे आपोआप सुटला असेल.' कधी कधी खरंच सुटतो, आणि काही दिवसांनी पुन्हा पडतो. अशा मुलाला दुखणं नसतानाही सर्जनला दाखवावं लागतं. पण कधी दुखणं थांबतं ते अवयव मेल्यामुळे. घरी बसून या दोन्हींतला फरक कुणालाच कळत नाही.

मुली आणि बायकांमध्ये बीजांडकोशाला पीळ पडतो. बीजांडकोशावर पाचएक सेंटिमीटरहून मोठी गाठ असेल तर धोका वाढतो. उजव्या बाजूला हे जास्त दिसतं, कारण डावीकडे मोठ्या आतड्याच्या वळणाने जागा अडवलेली असते. उजवीकडे दुखतंय म्हटल्यावर सगळ्यांच्या तोंडी अपेंडिक्स येतं, हा पहिला घोटाळा. दुसरा सुशिक्षितांचा: 'सोनोग्राफीत रक्तप्रवाह दिसला, म्हणजे पीळ नाही.' बीजांडकोशाला दोन बाजूंनी रक्त मिळतं, पीळही कमीजास्त असतो, त्यामुळे प्रवाह दिसत असूनही पीळ असू शकतो. तिसरा समज खुद्द डॉक्टरांचा होता: काळानिळा पडलेला बीजांडकोश काढून टाकलाच पाहिजे. तो जुना झाला. नुसता पीळ सोडवून जागच्या जागी ठेवलेले असे बीजांडकोश बहुतेक वेळा सावरतात, हे आता पक्कं झालं आहे. तरुण मुलीच्या बाबतीत हा प्रश्न सर्जनला आधीच विचारून ठेवावा.

तान्ह्या बाळाची हिरवी उलटी हा याहून मोठा धोका. 'दूध बाधलं', 'गुटी जास्त झाली', 'दृष्ट लागली' असं म्हणून ती पुसली जाते. हिरवा रंग पित्ताचा, आणि नवजात बाळाच्या उलटीत पित्त येणं म्हणजे पुढे वाट अडली असण्याची दाट शंका. गर्भात आतडी वाढताना काही आठवडे नाळेत उतरतात, आणि या जाण्यायेण्यात घड्याळाच्या उलट दिशेने एकूण 270 अंश वळून पोटात बसतात. हे वळण अर्धवट राहिलं तर आतड्यांचा देठ रुंद पंख्यासारखा न पसरता अरुंद राहतो, आणि त्याभोवती सगळं लहान आतडं फिरू शकतं. यातली बरीच बाळं पहिल्या महिन्यातच आजारी पडतात. यावरची शस्त्रक्रिया बॉस्टनच्या विल्यम लॅड यांनी 1936 मध्ये मांडली, आणि आजही तिला त्यांचंच नाव आहे. गंमत अशी की तिच्यात आतडी 'जागच्या जागी' बसवत नाहीत. पीळ सोडवून लहान आतडं सगळं उजवीकडे आणि मोठं डावीकडे ठेवतात. अपेंडिक्सही बहुधा काढून टाकतात, कारण आता ते डावीकडे गेलेलं असतं आणि वीस वर्षांनी सुजलं तर भल्याभल्या डॉक्टरांना चकवील.

म्हातारपणी पीळ पडतो तो मोठ्या आतड्याच्या शेवटच्या नागमोडी भागाला, म्हणजे सिग्मॉईडला. वर्षानुवर्षांचा बद्धकोष्ठ, लांबलेलं आतडं, अरुंद देठ. पोट नगाऱ्यासारखं फुगतं, वारा सरत नाही, शौचाला होत नाही. एक्सरेत फुगलेला वेढा कॉफीच्या भल्यामोठ्या बीसारखा दिसतो. भारत, आफ्रिका, तुर्कस्तान इथे हा आजार पाश्चात्त्य देशांपेक्षा जास्त. पेरू-बोलिव्हियाच्या उंच पठारांवरही. एरंडेल पाजणं आणि पोट रगडणं हे इथले घरगुती उपाय, आणि दोन्ही धोक्याचे: फुगून ताणलेलं आतडं फुटू शकतं. 'ऑपरेशनशिवाय इलाजच नाही' हेही मात्र पूर्ण खरं नाही. आतडं काळं पडलं नसेल तर गुदद्वारातून दुर्बीण आणि नळी घालून हवा सोडतात आणि पीळ उलगडतो. खोलीत असलेल्यांना ते नाकानेही कळतं. तेवढ्यावर घरी मात्र जाऊ नये, कारण तो पुन्हा पडण्याचं प्रमाण मोठं आहे. तब्येत सावरली की तो भाग काढून टाकायचा सल्ला त्यामुळेच देतात.

पिळाचं नाव असूनही ज्यात काहीच पिळवटत नाही असा एक विकार आहे. 'तोरसाद द प्वांत' हे नाव फ्रेंच डॉक्टर देसेर्तेन यांनी 1966 मध्ये दिलं. हृदय जागच्या जागी असतं. ईसीजीच्या कागदावरची टोकं मधल्या रेषेभोवती पिळल्यासारखी दिसतात, इतकंच. ठोक्यांची ही बिघडलेली लय जीवघेणी ठरू शकते, आणि काही औषधांनीही ती उद्भवते. करोनाच्या काळात हायड्रॉक्सीक्लोरोक्वीनआधी ईसीजी काढा असं सांगत होते ते याचसाठी.

शेवटी गोठ्यात. गाईपेक्षा म्हशीत गर्भाशयाला पीळ पडण्याचं प्रमाण बरंच जास्त आहे, आणि दूधधंद्याच्या पट्ट्यात त्याची किंमत म्हैस आणि रेडकू अशी दुहेरी मोजावी लागते. दिवस भरलेली म्हैस अस्वस्थ होते, ऊठबस करते, कळा देते, पण पाणमोट दिसत नाही. 'अजून वेळ आहे' म्हणून वाट बघतात, नाहीतर चारपाच जण हात घालून रेडकू ओढायला बघतात. वाटच पिळलेली असताना ओढून काही येत नाही, गर्भाशय फाटतं. पशुवैद्यक आधी हात घालून पीळ कोणत्या बाजूचा ते ठरवतो. म्हशीत तो बहुधा उजवा असतो. मग म्हशीला त्याच बाजूवर आडवी पाडून पाय बांधतात. दहा-बारा फुटी फळीचं एक टोक तिच्या कुशीवर, दुसरं जमिनीवर. फळीवर एक माणूस तोल सांभाळत उभा राहतो आणि बाकीचे म्हशीला हळूहळू लोळवतात. कोणत्या दिशेला? बघ्यांचा अंदाज इथेच चुकतो. पिळाच्या उलट दिशेला नव्हे, पीळ ज्या दिशेला त्याच दिशेला. फळीच्या दाबाने गर्भाशय जागी अडलेलं असतं आणि म्हशीचं अंग फिरून त्याला गाठतं. प्रत्येक फेरीनंतर हात घालून वाट मोकळी झाली का ते तपासायचं. दोन-तीन फेऱ्यांत सुटला नाही तर सिझेरियन. पहिली कळ कधी आली ते पशुवैद्यकाला फोनवरच सांगावं, म्हणजे तो सिझेरियनच्या तयारीने निघतो.