सभागृहाला वळसा घालणारा सिनेटर

लेखमाला : राज्याराज्यांतले कायदेकर्ते

गेल्या आठवड्यात आपण कॅलिफोर्नियाची १९११ची घटनादुरुस्ती पाहिली. विधिमंडळावर रेल्वे कंपनीची पकड होती, म्हणून सुधारणावाद्यांनी मतदारांना थेट कायदा करण्याचा हक्क मिळवून दिला. पुरेशा मतदारांच्या सह्या जमवायच्या, मसुदा मतपत्रिकेवर आणायचा. बहुमत मिळालं की तो कायदा झाला. या मसुद्याला तिथे ‘प्रपोझिशन’ म्हणतात. सामान्य नागरिकासाठी ठेवलेली ही वाट आमदारानेच धरली तर काय होतं, ते आज पाहू.

जॉन ब्रिग्ज (१९३०–२०२०) हे ऑरेंज काउंटीतल्या फुलर्टनचे, व्यवसायाने विमा क्षेत्रातले. कट्टर परंपरावादी रिपब्लिकन. आधी असेंब्लीत आणि १९७६च्या निवडणुकीनंतर राज्याच्या सिनेटमध्ये. दोन्ही सभागृहांत बहुमत डेमोक्रॅटांचं, गव्हर्नरही त्यांचेच, जेरी ब्राउन. ब्रिग्जना स्वतःला गव्हर्नर व्हायचं होतं, आणि विरोधी बाकावरून तेवढं नाव होत नाही.

१९७७च्या जूनमध्ये फ्लोरिडातल्या डेड काउंटीत गायिका अनिता ब्रायंट यांच्या मोहिमेने समलिंगींना संरक्षण देणारा स्थानिक नियम मतदानाने रद्द करवला. ब्रिग्जनी तो धागा पकडला. त्यांचं प्रपोझिशन ६ समलिंगी शिक्षकांना सरकारी शाळांतून काढण्यासाठी होतं. समलैंगिकतेची जाहीर बाजू घेणारा शिक्षकही, तो स्वतः समलिंगी नसला तरी, त्याच्या कचाट्यात सापडला असता. सुरुवातीच्या चाचण्यांत मसुदा पुढे होता. विरोधात सॅन फ्रान्सिस्कोचे नगरसेवक हार्वी मिल्क गावोगाव ब्रिग्जशी जाहीर वाद घालत होते. पण धक्का स्वपक्षातून बसला. माजी गव्हर्नर रोनाल्ड रेगन विरोधात उतरले. त्यांचा मुद्दा व्यवहाराचा होता : कमी गुण मिळालेल्या मुलाने रागाच्या भरात आरोप केला तर शिक्षकाने काय करायचं? ७ नोव्हेंबर १९७८ला ५८ टक्के मतदारांनी मसुदा फेटाळला. ऑरेंज काउंटीतही तो हरला.

ब्रिग्ज यांचं नाव निघतं ते याच पराभवामुळे. पण त्याच मतपत्रिकेवर त्यांचा दुसरा मसुदा होता, देहदंडाचा, प्रपोझिशन ७. देहदंडाचा कायदा आदल्याच वर्षी झालेला होता. जॉर्ज ड्यूकमेजियन या दुसऱ्या रिपब्लिकन सिनेटरने तो सभागृहातून नेला होता. ब्राउन यांनी नकाराधिकार वापरला, तेव्हा डेमोक्रॅटांचीही मतं मिळवून दोन्ही सभागृहांत तो मोडून काढावा लागला. ब्रिग्जना तो कायदा मवाळ वाटला. त्यांनी देहदंडास पात्र खुनांची यादी लांबवली, खुनाच्या शिक्षा वाढवल्या, आणि ७१ टक्के मतं घेतली.

फरक पुढे जाणवला. विधिमंडळाने केलेला कायदा विधिमंडळ बदलू शकतं. मतदारांनी केलेला कायदा, त्यात तशी मुभा नसेल तर, पुन्हा मतदारांकडेच न्यावा लागतो. १९७८नंतर २०१२पर्यंत सातशेहून अधिक कैदी देहदंडाच्या कोठड्यांत होते आणि शिक्षा प्रत्यक्षात तेरा जणांनाच झाली होती. मसुदा लिहिणारे वकील डोनाल्ड हेलर विरोधात गेले. ब्रिग्ज यांचे चिरंजीव रॉन, स्वतः काउंटीचे लोकप्रतिनिधी, त्यांनीही २०१२मध्ये देहदंड रद्द करण्याची बाजू घेतली. मतदारांनी ते ऐकलं नाही, २०१६मध्येही नाही. २०१९मध्ये गव्हर्नर गॅव्हिन न्यूसम यांनी अंमलबजावणी थांबवली, पण कायदा पुसणं त्यांच्याही हातात नव्हतं.

आपल्याकडे आमदार अशासकीय विधेयक मांडू शकतो; ते पडलं की विषय तिथेच थांबतो. ब्रिग्जना तशी अडचण नव्हती. सभागृहात बाजू मांडताना विरोधकांच्या दुरुस्त्या ऐकाव्या लागतात, शब्दांची घासाघीस होते. ड्यूकमेजियन त्यातून गेले आणि पुढे गव्हर्नर झाले. ब्रिग्जनी ती घासाघीस टाळली, १९८१मध्ये सिनेटही सोडलं. त्यांचा कायदा मात्र, दुरुस्त करणं अवघड असल्यामुळेच, त्यांच्या कारकिर्दीपेक्षा कितीतरी जास्त टिकला.

(पुढील आठवड्यात : प्रपोझिशन १३ आणि घरपट्टीचं बंड)